हृदय दमतं तेव्हा शरीर काय करतं



या व्याख्यानमालेत आजवर संतसाहित्यावर, पाण्यावर, नाटकावर बोलणारी माणसं येऊन गेली. डॉक्टरला बोलावलं की श्रोते जरा सावध होतात. आता हा तासभर तेल-तूप खाऊ नका म्हणून सांगणार, अशी भीती असते. तसलं काही करणार नाही. मिठाबद्दल मात्र बोलेन, ते टळणार नाही.

सुरुवात लांबून करतो. मार्च १९४४. महायुद्ध ऐन भरात आणि अमेरिकेचे अध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट आजारी. थोड्या हालचालीनं धाप, खोकला, चेहरा काळवंडलेला. त्यांचे खासगी डॉक्टर मॅकइंटायर हे कान-नाक-घशाचे. त्यांनी लोकांना सर्दी-खोकल्याचं सांगितलं. महिनाअखेरीस बेथेस्डाच्या नौदल रुग्णालयात हॉवर्ड ब्रुएन नावाच्या तरुण हृदयतज्ज्ञानं रूझवेल्टना तपासलं. रक्तदाब १८६/१०८, हृदयाचा आकार वाढलेला, फुफ्फुसांच्या तळाशी पाणी साचल्याचे आवाज. निदान स्पष्ट होतं : हार्ट फेल्युअर. अध्यक्ष तेव्हा ६२ वर्षांचे होते.

आता उपचार ऐका. डिजिटॅलिस, कमी मिठाचं जेवण, सिगारेटी कमी, विश्रांती, वजन उतरवणं आणि पलंगाची डोक्याकडची बाजू उंच. जगातल्या सर्वांत बलाढ्य माणसाला देण्याजोगं वैद्यकशास्त्राकडं यापलीकडं फारसं काही नव्हतं. रक्तदाब उतरवणारं धड औषधही नव्हतं. त्यावर ते वर्षभर तगले, फेब्रुवारी १९४५ मध्ये याल्टाला जाऊन स्टॅलिन-चर्चिलशी वाटाघाटी करून आले आणि १२ एप्रिलला मेंदूतल्या रक्तस्रावानं गेले. आज आपल्या तालुक्याच्या सरकारी दवाखान्यात येणाऱ्या शेतकऱ्याला रूझवेल्टपेक्षा कितीतरी चांगले उपचार मिळू शकतात. मिळतातच असं नाही. त्याकडं नंतर येतो.

आधी एक गैरसमज बाजूला करू. हार्ट अटॅक म्हणजे हृदयाला रक्त पुरवणारी वाहिनी अचानक बंद पडणं. हार्ट फेल्युअर म्हणजे हृदय बंद पडणंही नव्हे. हृदय चालू असतं, पण शरीराला लागेल तेवढं रक्त ते पुढं ढकलू शकत नाही, किंवा ढकलण्यासाठी आतला दाब फार वाढवावा लागतो. मग रक्त मागं तुंबतं. डाव्या बाजूला तुंबलं की फुफ्फुसांत पाणी आणि धाप. उजव्या बाजूला तुंबलं की पायांवर सूज, यकृत सुजलेलं, पोट गच्च. बहुतेकांना हळूहळू दोन्ही होतं. अटॅकनं स्नायूचा मोठा तुकडा मेला तर पुढं फेल्युअर होऊ शकतं, एवढंच दोघांचं नातं.

निरोगी हृदय मिनिटाला पाचेक लिटर रक्त फिरवतं, दिवसाला सुमारे एक लाख ठोके. ते कमी पडू लागलं तर शरीर काय करतं, हे आजच्या व्याख्यानाचं मूळ आहे. मूत्रपिंडाला हृदय दिसत नाही. त्याला फक्त एवढंच कळतं की आपल्याकडं येणारं रक्त कमी झालंय. लाखो वर्षं माणसाच्या शरीरात रक्त कमी पडायची कारणं दोनच : जखम होऊन रक्त वाहून जाणं, नाहीतर जुलाब, उलट्या, उन्हानं पाणी आटणं. दोन्हींवर उपाय एकच, मीठ धरून ठेवा, पाणी धरून ठेवा, रक्तवाहिन्या आवळा, अ‍ॅड्रेनलिन सोडून ठोके वाढवा. मूत्रपिंड रेनिन सोडतं, त्यामुळं अँजिओटेन्सिन तयार होतं, त्याच्या सांगण्यावरून अल्डोस्टेरॉन सुटतं आणि मीठ रक्तात परत खेचलं जातं. जखमी शिकाऱ्याचा जीव याच यंत्रणेनं वाचवला. पण इथं रक्त सांडलेलंच नाही. आधीच थकलेल्या हृदयावर आणखी पाणी, आणखी दाब, आणखी वेग लादला जातो. ते ताणतं, त्याचा आकार बदलतो, स्नायूत तंतू वाढतात, आणखी कमी पडतं. मूत्रपिंड आणखी घाबरतं. पेशंटचं निम्मं नुकसान हृदय करतं, निम्मं ही घाबरलेली यंत्रणा. हे समजायला डॉक्टरांनाच फार वर्षं लागली.

हा आजार दारात कसा येतो ते सांगतो. एका आजींना मुलगा घेऊन आला होता, तक्रार गॅसची. पोट गच्च, दोन घास खाल्ले की पुरे. महिनाभर पित्ताच्या गोळ्या आणि सोडा चालू होता. विचारलं, “आजी, रात्री झोप लागते का?”

“लागती की. पण आडवं झालं की जीव घाबरतो. भिताडाला टेकून बसलं की मग लागतो डोळा.”

“भाजी तुम्हीच चिरता?”

उत्तर सुनेनं दिलं. “नाही ओ, विळीवर वाकलं की त्यांना दम लागतो. दिवाळीपासनं मीच चिरते.”

वाकल्यावर अर्ध्या मिनिटात धाप लागणं हे हृदयातला दाब वाढल्याचं लक्षण आहे. घरात सगळ्यांनी ते वयावर ढकललं होतं. आजींच्या पायातली जोडवी रुतली होती. नडगीवर अंगठा दहा सेकंद दाबून उचलला तर खळगा तसाच राहिला. अर्धवट बसवून मान जरा वळवली तर खिडकीच्या उजेडात गळ्याची शीर कानाच्या पाळीपर्यंत भरलेली दिसत होती. यकृतावर हात दाबला की ती आणखी वर चढायची. पोट गच्च होतं ते सुजलेल्या यकृतानं आणि आतड्यांत तुंबलेल्या रक्तानं. आणि पोटात घातलेला सोडा म्हणजे पुन्हा सोडियमच! निदान बरंचसं इथंच झालं होतं, एक रुपयाचीही तपासणी न करता. तरुण डॉक्टरांनी गळ्याची शीर बघणं सोडत आणलंय, याची मला हळहळ वाटते. पण तो राग इथं काढत नाही.

तपासण्या लागतातच. ईसीजी, छातीचा एक्स-रे, हिमोग्लोबिन, मूत्रपिंडाची तपासणी, थायरॉइड. एक रक्ततपासणी खास याच आजाराची : एनटी-प्रोबीएनपी. तिच्यामागं गमतीदार इतिहास आहे. १९८१ मध्ये कॅनडात अडॉल्फो द बोल्ड यांनी उंदराच्या हृदयाच्या वरच्या कप्प्यांचा अर्क काढून दुसऱ्या उंदरांना टोचला. उंदरांनी भराभर लघवीवाटे मीठ आणि पाणी बाहेर टाकलं. हृदय ही ग्रंथीसुद्धा आहे, हे त्या दिवशी कळलं. ताण पडला की ते स्वतःच ‘मीठ टाका’ असा निरोप पाठवत असतं. मूत्रपिंडाच्या आरडाओरड्यापुढं तो ऐकू जात नाही, इतकंच. त्याच कुळातलं दुसरं संप्रेरक १९८८ मध्ये जपानी संशोधकांना डुकराच्या मेंदूत सापडलं. त्याच्या जोडीनं रक्तात येणारा तुकडा आपण आज मोजतो. बाह्यरुग्ण विभागात आलेल्या माणसात हा आकडा १२५ च्या खाली असेल तर धाप लागण्याचं कारण बहुधा दुसरीकडं शोधावं. लठ्ठ माणसात तो फसवा कमी येतो, मूत्रपिंड बिघडलेलं असेल तर फसवा जास्त.

आणि मग टू-डी इको. १९५३ मध्ये स्वीडनमधल्या लुंड इथं इंगे एडलर हे डॉक्टर आणि हेलमुट हर्ट्झ हे भौतिकशास्त्रज्ञ एकत्र आले. जहाजबांधणीत धातूतल्या भेगा शोधायला ध्वनिलहरींचं यंत्र वापरतात, तसलं एक यंत्र हर्ट्झनी माल्मोच्या गोदीतून उसनं आणलं आणि स्वतःच्या छातीला लावलं. आज तालुक्याच्या गावी इको होतो, तो त्या उसन्या यंत्राचा वंशज.

इकोच्या कागदावरचा एक आकडा घराघरांत रडारड घडवतो. नातेवाईक येतात, आवाज कापरा : “डॉक्टर, पंपिंग फक्त तीस टक्के. म्हणजे सत्तर टक्के हृदय गेलं?” तसं नसतं. डाव्या मोठ्या कप्प्यात ठोक्याआधी समजा १२० मिलिलिटर रक्त आहे. एका ठोक्यात ते सगळं कधीच बाहेर पडत नाही, ७० पडतं. म्हणजे साठाला थोडं कमी. निरोगी माणसाचं पंपिंग साधारण ५५ ते ७० टक्के असतं, शंभर कुणाचंच नसतं. तीस म्हणजे निम्मं, आणि नीट औषधं घेतल्यावर तिसावरून पंचेचाळीस-पन्नासवर आलेले पेशंट माझ्या ओळखीत आहेत. तेव्हा तो आकडा एवढा मनाला लावून घेऊ नका.

त्या आकड्यावरून आजाराचे प्रकार पाडतात. ४० किंवा त्याखाली तो पहिला प्रकार, आकुंचन दुबळं. ४१ ते ४९ मधला. आणि ५० किंवा त्यावर असूनही फेल्युअर, हा तिसरा, आणि सर्वांत जास्त चकवणारा. साठीपुढच्या बाई, वर्षानुवर्षं बीपी, मधुमेह, वजन जास्त. हृदयाच्या भिंती जाड आणि ताठर झालेल्या, त्या सैल पडून रक्त आत घेतच नाहीत. कप्प्यात मावतंच ८०, त्यातलं ५० बाहेर पडतं. टक्केवारी काढा : साठाच्या वर, झकास! पण शरीराला मिळालं पन्नासच, आणि ते आत भरण्यासाठी दाब वाढला म्हणून फुफ्फुसात पाणी. रिपोर्टवर ‘नॉर्मल पंपिंग’ छापून येतं आणि बाईंना ‘तुम्हाला काही झालेलं नाही, टेन्शन घेऊ नका’ म्हणून परत पाठवलं जातं. ताठरपणाही इकोत दिसतो. तो बघावा लागतो.

कारणं थोडक्यात. आपल्याकडं पहिला नंबर हृदयाच्या बंद वाहिन्यांचा. मग बीपी, मधुमेह, दारू, केमोथेरपीची काही औषधं, बाळंतपणाच्या आसपास होणारा हृदयस्नायूचा आजार. आणि पाश्चात्त्य पुस्तकांत आता तळटीपेत गेलेला, आपल्याकडं अजून ओपीडीत भेटणारा संधिवाताच्या तापाचा आजार : लहानपणी घसा दुखला, सांधे सुजले, उपचार अर्धवट राहिले आणि विशी-तिशीत झडप आवळली. अशा मुलांना दर तीन आठवड्यांनी पेनिसिलिनचं इंजेक्शन दिलं तर पुढचं बरंच टळतं. त्यात फार मोठं शास्त्र नाही, चिकाटी आहे.

केरळात २०१३ मध्ये तिरुवनंतपुरमच्या रुग्णालयांनी हार्ट फेल्युअरनं भरती झालेल्या १२०५ पेशंटची नोंद ठेवली. सरासरी वय ६१. युरोप-अमेरिकेत असे पेशंट सत्तरीचे असतात; आपले दहा वर्षं आधी गाठले जातात, घर चालवण्याच्या वयात. वर्षभरात त्यांतले सुमारे ३१ टक्के गेले. कित्येक कॅन्सर याहून सौम्य असतात. आणि पंपिंग कमी असलेल्या पेशंटपैकी जेमतेम पाव जणांना घरी जाताना सगळी शिफारस केलेली औषधं लिहून दिलेली होती. केरळ म्हणजे आरोग्यात देशातलं पुढारलेलं राज्य, हे लक्षात घ्या.

आता औषधांकडं. १७८५ मध्ये विल्यम विदरिंग या इंग्रज डॉक्टरनं फॉक्सग्लोव्ह नावाच्या झाडाच्या पानांवर पुस्तक लिहिलं. श्रॉपशरच्या एका म्हातारीच्या वीसेक वनस्पतींच्या काढ्यातून त्यानं नेमकी ही एक हेरली होती. तेच डिजिटॅलिस, रूझवेल्टना दिलेलं. हृदयाचं आकुंचन ते वाढवतं. तेव्हापासून दोनशे वर्षं विचाराची दिशा ठरून गेली : हृदय दुबळं आहे, त्याला जोर द्या. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जोर देणारी कितीतरी औषधं आली. त्यांतल्या मिल्रिनोनच्या गोळ्यांची मोठी चाचणी झाली, निकाल १९९१ मध्ये आला. गोळी घेणाऱ्यांतले मृत्यू न घेणाऱ्यांपेक्षा २८ टक्क्यांनी जास्त. चढावर दमलेल्या बैलाला चाबूक मारला की तो चार पावलं झपझप टाकतो आणि मग बसतो, तसं झालं.

उलट बाजूनं विचार करणारा माणूस स्वीडनमध्ये होता. गोथेनबर्गचे फिन वागस्टीन यांनी १९७५ मध्ये सात पेशंटचा अहवाल छापला. त्यांनी दुबळ्या हृदयाला बीटा-ब्लॉकर दिलं होतं, म्हणजे ठोके मंद करणारं, अ‍ॅड्रेनलिन अडवणारं औषध. पाठ्यपुस्तकं हेच औषध हार्ट फेल्युअरमध्ये कटाक्षानं टाळा म्हणत होती. पेशंट मात्र सुधारले. वैद्यकविश्वानं खांदे उडवले. १९९९ मध्ये दोन मोठ्या चाचण्यांनी मृत्यू तिसऱ्या हिश्शानं कमी होतात हे दाखवलं, तेव्हा चोवीस वर्षं उलटली होती. या चोवीस वर्षांत जे गेले त्यांचा हिशोब कुणी मांडत नाही.

दुसरा धागा ब्राझीलचा. तिथल्या जराराका या विषारी सापाच्या विषात रक्तदाब कोसळवणारं काहीतरी आहे, त्यावर सर्जिओ फेरेरा काम करत होते. त्या विषातल्या रेणूंचा धडा गिरवून कुशमन आणि ओंडेटी यांनी अँजिओटेन्सिन तयार होऊ न देणारी गोळी बनवली, कॅप्टोप्रिल. तिचीच बहीण एनालाप्रिल १९८७ मध्ये अंथरुणाला खिळलेल्या २५३ पेशंटवर तपासली गेली. सहा महिन्यांत नुसत्या जुन्या उपचारांवर ४४ टक्के गेले, गोळी घेणाऱ्यांतले २६. हृदयाला या गोळीनं कणभरही जोर दिला नव्हता. घाबरलेल्या यंत्रणेचं तोंड बंद केलं होतं. १९९९ मध्ये स्पायरोनोलॅक्टोन या जुन्या, स्वस्त गोळीनं अल्डोस्टेरॉन अडवून मृत्यू ३० टक्क्यांनी उतरवले. २०१४ मध्ये सॅक्युबिट्रिल-वल्सार्टनची जोडगोळी आली. हृदय जो ‘मीठ टाका’ असा निरोप पाठवतं, तो विरून जाऊ नये याची काळजी सॅक्युबिट्रिल घेतं. आणि शेवटी मधुमेहाची म्हणून आलेली डापाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन ही औषधं. सफरचंदाच्या झाडाच्या सालीतून १८३५ मध्ये वेगळा काढलेला पदार्थ हा त्यांचा पूर्वज. २०१९ मध्ये दिसलं की मधुमेह असो-नसो, दुबळ्या हृदयाला त्यांचा फायदा होतो. पुढच्या तीन वर्षांत ताठर हृदयालाही होतो हे कळलं. ताठर हृदयासाठी त्याआधी ठामपणे हाती असं काहीच नव्हतं.

पंपिंग कमी असलेल्याला आज हे चार खांब लागतात : बीटा-ब्लॉकर, एनालाप्रिल किंवा तिच्या जागी ती जोडगोळी, स्पायरोनोलॅक्टोन, आणि डापाग्लिफ्लोझिनच्या कुळातलं एक. लघवीची गोळी पाचवी. ती पाणी काढते, आराम देते, पण आयुष्य वाढवते असा पुरावा तिच्याकडं नाही. आणि नेमकी तीच पेशंटला सर्वांत आवडते, कारण तिचा परिणाम दोन तासांत दिसतो. बाकीच्या चार सुटतात. कशा, ते सांगतो. पेशंट मेडिकलवाल्याला चिठ्ठी दाखवतो. तो म्हणतो, ही बीपीची, ही शुगरची. शेजारी म्हणतात, अहो तुम्हाला बीपी कुठंय, शुगर कुठंय? आणि गोळ्या डब्यात राहतात. तुमच्या घरात असा पेशंट असेल तर डॉक्टरांना प्रत्येक गोळीपुढं ‘हृदयासाठी’ असं मराठीत लिहून मागा. डॉक्टरांचाही दोष आहे. आम्ही छोटी मात्रा सुरू करतो आणि वर्षानुवर्षं तीच ठेवतो. २०२२ च्या एका चाचणीत भरती झालेल्या पेशंटना घरी गेल्यावर दोन आठवड्यांत पूर्ण मात्रेपर्यंत पोचवलं आणि वारंवार तपासलं, तर सहा महिन्यांत मृत्यू किंवा पुन्हा भरती होणाऱ्यांचं प्रमाण २३ वरून १५ टक्क्यांवर आलं. चाचणी मुदतीआधी थांबवावी लागली, इतका फरक स्पष्ट होता.

आता मीठ. पापड, लोणचं, खर्डा, फरसाण, बेकरीची खारी हे तर आलंच. पण “डॉक्टर, मी सैंधवच खाते” असं सांगणाऱ्या काकू रोज भेटतात. सैंधवही सोडियम क्लोराइडच आहे. उपवासाला चालतं, हृदयाला नाही. याउलट ‘कमी सोडियमचं’ म्हणून विकत मिळणाऱ्या मिठात पोटॅशियम असतं. स्पायरोनोलॅक्टोनसारख्या गोळ्यांबरोबर ते रक्तात इतकं वाढू शकतं की ठोके बिघडावेत. म्हणून साधंच मीठ, पण कमी, आणि मूत्रपिंड-पोटॅशियमची तपासणी वेळेवर. गुडघेदुखीच्या गोळ्या मनानं घेऊ नका. डायक्लोफिनॅक, आयबुप्रोफेन मीठ-पाणी धरून ठेवतात आणि आठवड्यात पेशंट पुन्हा आयसीयूत येतो. जुलाब-उलट्या झाल्या तर मात्र पाणी आधीच कमी झालेलं असतं, तेव्हा यांतल्या काही गोळ्या दोन दिवस थांबवाव्या लागतात. त्या कोणत्या, हे डॉक्टरांना आधीच विचारून ठेवा.

घरात वजनकाटा हवा. सकाळी लघवीला जाऊन आल्यावर, चहाच्या आधी, रोज तेवढ्याच कपड्यांत वजन आणि कॅलेंडरवर नोंद. तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर ती चरबी नव्हे, पाणी आहे. सूज दिसण्याआधी काटा सांगतो. त्याच दिवशी फोन करा. आजींच्या घरी हे काम सातवीतल्या नातवानं घेतलं. त्याच्या नोंदी माझ्या केसपेपरपेक्षा नीटनेटक्या आहेत.

गोळ्यांनी भागत नाही अशांसाठी पुढचे उपाय आहेत. ठोक्याचा निरोप दोन्ही बाजूंना एकाच वेळी पोचत नसेल तर तीन तारांचा पेसमेकर, जीवघेणे ठोके थोपवणारं यंत्र, हृदयाचं काम करणारा कृत्रिम पंप, आणि शेवटी प्रत्यारोपण. प्रत्यारोपणात मुंबईचं नाव फार आधी येतं. ख्रिस्तियान बर्नार्ड यांनी डिसेंबर १९६७ मध्ये केपटाऊनला पहिलं केलं, आणि अडीच महिन्यांत, फेब्रुवारी १९६८ मध्ये, परळच्या केईएममध्ये डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांनी. पेशंट काही तासांतच गेला. कुत्र्यांवर वर्षानुवर्षं सराव करून त्यांच्या चमूचा हात बसला होता. पण परकं हृदय शरीरात टिकवणारी औषधं तेव्हा कुणाकडंच पुरेशी नव्हती, आणि मेंदूमृत्यूला आपल्या कायद्यात जागाही नव्हती. तो कायदा १९९४ मध्ये झाला आणि त्याच वर्षी ३ ऑगस्टला दिल्लीच्या एम्समध्ये डॉ. वेणुगोपाल यांनी देशातलं पहिलं यशस्वी प्रत्यारोपण केलं.

आता मुंबई-पुण्यात ही शस्त्रक्रिया नवलाची राहिलेली नाही. अडचण येते ती पेशंट उशिरा पाठवण्यात. मूत्रपिंड आणि यकृत दोन्ही गेल्यावर यादीत नाव घालून उपयोग नसतो. म्हणून चारही गोळ्या चालू असताना वर्षात दोनदा भरती व्हावं लागलं, किंवा वरचं बीपी ९० च्या खालीच राहू लागलं, किंवा आधी सोसत असलेल्या गोळ्या चक्कर येते म्हणून एकेक करून कमी कराव्या लागल्या, तर डॉक्टर आपणहून सुचवतील म्हणून थांबू नका. प्रत्यारोपण होतं त्या केंद्रात एकदा दाखवून घ्यायची वेळ आली का, हे तुम्हीच विचारा.